दामाजींचे कोठार आणि हक्काची सोय

मंगळवेढ्याचे नाव घेतले की मराठी माणसाला बहुधा दोन गोष्टी आठवतात. एक तिथली ज्वारी, जिला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. आणि दुसरे दामाजीपंत. कथा सर्वांना ठाऊक आहे. बहामनी अंमलात दामाजीपंत मंगळवेढ्याचे अधिकारी होते. दुष्काळ पडला, माणसांची अन्नान्न दशा झाली, तेव्हा पंतांनी बादशहाच्या परवानगीवाचून सरकारी धान्याची कोठारे रयतेसाठी खुली केली. बिदरला चुगली गेली, पंतांना पकडून नेण्याचा हुकूम सुटला; परंतु ते दरबारी पोहोचण्याच्या आतच साक्षात विठ्ठलाने विठू महाराचे रूप घेऊन धान्याची सारी किंमत बादशहापुढे ओतली आणि रीतसर पावती घेतली. आज तालुक्यातील साखर कारखान्याला आणि गावातील महाविद्यालयालाही दामाजींचेच नाव आहे.

भक्तिकथा म्हणून ही कथा सुंदर आहेच. परंतु थोडा वेळ ती कारभाराची कथा म्हणून वाचली, तर तिच्यातल्या तीन गोष्टी डोळ्यांत भरतात. पहिली, कोठारात धान्य होते. टंचाई होती ती ते बाहेर काढण्याच्या अधिकाराची. दुसरी, ते कधी आणि कोणाला द्यावे याचा नियम नव्हता. जे घडले ते एका माणसाच्या काळजामुळे घडले आणि त्याचे प्राण त्यामुळे धोक्यात आले. तिसरी, झालेल्या खर्चाचा हिशेब कोणी चुकवायचा हे ठरलेले नव्हते, म्हणून देवाला यावे लागले. अपंग विद्यार्थ्यांना आणि कर्मचाऱ्यांना शिकता यावे, काम करता यावे यासाठी ज्या सोयी लागतात, त्यांच्या बाबतीत आपला समाज अजून या कथेतच राहतो आहे, असे मला वाटते. कायदा झाला आहे, निकाल लागले आहेत. तरी प्रत्यक्षात मात्र आपण कोणा दामाजीची वाट पाहत असतो.

आधी शब्दांविषयी थोडेसे. २०१५ च्या डिसेंबरात पंतप्रधानांनी आकाशवाणीवरील भाषणात 'दिव्यांग' हा शब्द सुचवला आणि तो सरकारी भाषेत रूढ झाला. २०१६ चा अधिनियमही मराठीत 'दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम' म्हणून ओळखला जातो. तो शब्द ज्यांना आपला वाटतो त्यांनी जरूर वापरावा. मी या लेखात 'अपंग' हा जुना शब्द वापरला आहे, कारण ज्या अडचणीबद्दल बोलायचे तिच्यावर दिव्यत्वाचे पांघरूण घातले की अडचण दिसेनाशी होते. पण माझा खरा आक्षेप दुसऱ्या एका शब्दाला आहे. तो शब्द म्हणजे 'सवलत'. परीक्षेत जादा वेळ दिला तर ती सवलत, लेखनिक दिला तर सवलत, कार्यालयात खालच्या मजल्यावर टेबल दिले तर तीही सवलतच. सवलत ही देणाऱ्याची असते. तो ती देतो, कमी करतो, काढूनही घेतो, आणि घेणाऱ्याने आभार मानायचे असतात.

कायद्यातील संकल्पना याहून वेगळी आहे. संयुक्त राष्ट्रांनी १३ डिसेंबर २००६ रोजी अपंग व्यक्तींच्या हक्कांचा करार स्वीकारला आणि भारताने १ ऑक्टोबर २००७ रोजी त्याला अनुमोदन दिले. त्या करारातून आपल्या २०१६ च्या अधिनियमात आलेल्या संकल्पनेला मराठीत 'वाजवी समायोजन' किंवा 'वाजवी सोय' म्हणता येईल. अपंग व्यक्तीला इतरांच्या बरोबरीने हक्क उपभोगता यावेत म्हणून, संस्थेवर अवाजवी बोजा न टाकता, केलेले आवश्यक आणि योग्य ते बदल, असा तिचा अर्थ. महत्त्वाचे पुढेच आहे. अशी सोय नाकारणे हा अधिनियमाच्या व्याख्येनुसार भेदभाव ठरतो. म्हणजे सोय न देणाऱ्याने केवळ औदार्य दाखवले नाही असे नव्हे, त्याने अन्याय केला असे कायदा म्हणतो. सवलत नाकारणाऱ्याला कंजूष म्हणता येते, भेदभाव करणारा म्हणता येत नाही. या दोन शब्दांत एवढे अंतर आहे.

शाळेपासून सुरुवात करू. महाराष्ट्राने १९९६ पासून अध्ययन-अक्षमता असलेल्या मुलांना दहावी-बारावीच्या परीक्षांत जादा वेळ आणि इतर सोयी देण्यास आरंभ केला. 'तारे जमीं पर' २००७ साली आला. म्हणजे चित्रपटाच्या अकरा वर्षे आधी आपल्या राज्यात हे पाऊल उचलले गेले होते, ही अभिमानाची गोष्ट आहे. केंद्र सरकारच्या २०१८ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार परीक्षेच्या दर तासामागे किमान २० मिनिटे भरपाईचा वेळ द्यायचा असतो. तीन तासांच्या पेपराला एक तास. हे ऐकले की पालकांच्या बैठकीत कोणीतरी हटकून विचारते, "मग आमच्या मुलांवर अन्याय नाही का?" प्रश्न प्रामाणिक आहे, तेव्हा त्याला उत्तर दिले पाहिजे. इतिहासाच्या पेपरात आपण इतिहासाचे ज्ञान तपासतो की मनगटाचा वेग? गणितात युक्तिवाद तपासतो की अक्षर? जे मोजायचे आहे ते नीट मोजता यावे म्हणून मोजण्याच्या साधनात केलेली दुरुस्ती म्हणजे हा जादा वेळ. चष्मा लावून परीक्षेला बसलेल्या मुलाला आपण सवलत मिळाली असे म्हणत नाही. उलट जिथे वेग हाच कौशल्याचा गाभा आहे, उदाहरणार्थ लघुलेखनाची परीक्षा, तिथे जादा वेळेचा प्रश्न वेगळा होतो आणि तो वेगळेपणाने सोडवावा लागतो. प्रत्येक सोय प्रत्येक ठिकाणी योग्य असते असा दावा कायदाही करत नाही. 'वाजवी' हा शब्द त्यासाठीच तिथे आहे.

आता तालुक्याच्या ठिकाणी हे कसे चालते ते पाहू. समजा, हुलजंतीसारख्या कर्नाटकाच्या सीमेवरील गावातली एक मुलगी दहावीला आहे आणि तिला दृष्टिदोष आहे. प्रमाणपत्रासाठी नोंदणी आता संगणकावर होते हे खरे. परंतु तपासणीसाठी मोठ्या रुग्णालयाचा रस्ता धरावाच लागतो. मंगळवेढ्याहून पंढरपूर सुमारे २५ किलोमीटर, सोलापूर सुमारे ५५. तपासणीचा वार गाठायचा, डॉक्टर नसले तर परतायचे, पुन्हा जायचे. बरोबर येणाऱ्या बापाची त्या दिवसाची मजुरी बुडते. एस.टी.च्या भाड्यात अपंगांना ७५ टक्के सूट आहे, पण गाडीच्या दाराशी असलेल्या उंच पायऱ्यांना कसलीच सूट नाही. प्रमाणपत्र हाती आले की लेखनिकाचा शोध. लेखनिक परीक्षार्थीपेक्षा खालच्या इयत्तेतला हवा. नववीतल्या ज्या मुलाला किंवा मुलीला दहावीच्या विज्ञानातील संज्ञा ऐकून बिनचूक लिहिता येतील आणि जिचे आईवडील तिला स्वतःचा अभ्यास बाजूला ठेवून परीक्षेचे इतके दिवस पाठवतील, अशी मुलगी शोधायची. मग मुख्याध्यापकांचे पत्र, मंडळाची मंजुरी, केंद्रसंचालकांची गाठ.

या साखळीत कुठे ना कुठे एक भला माणूस भेटतो. एखाद्या शाळेतील लिपिक स्वतः अर्ज भरून देतो, एखाद्या बाई आपल्या वर्गातील हुशार मुलगी लेखनिक म्हणून उभी करतात, एखादे मुख्याध्यापक पेपर तळमजल्यावर घेतात. गावोगावी असे दामाजी आहेत आणि त्यांच्यामुळेच आजवर अनेक मुले शिकली. त्यांच्याविषयी मनात कृतज्ञता असावीच. पण प्रश्न असा, की त्या बाईंची बदली झाली तर? मुख्याध्यापक निवृत्त झाले आणि नव्यांनी "असले काही आमच्याकडे नसते" असे म्हटले तर? ज्या सोयीचे आयुष्य एका माणसाच्या कारकिर्दीइतकेच असते, तिला हक्क म्हणता येत नाही. शिवाय ज्या मुलीला प्रत्येक पायरीवर कोणाच्या तरी चांगुलपणाची आठवण ठेवावी लागते, तिने भांडायचे कसे? उपकारांच्या ओझ्याखाली वाढलेले मूल पुढे नोकरीतही मागणी करायला कचरते.

नोकरीतील कथा अधिक कठोर आहे. १९९५ च्या कायद्याने सरकारी नोकऱ्यांत ३ टक्के जागा राखून ठेवल्या होत्या. २०१६ च्या कायद्याने त्या ४ टक्के केल्या. पण जागा राखणे वेगळे आणि त्या जागेवर बसून काम करता येणे वेगळे. उल्हासनगरच्या प्रांजल पाटील यांचे उदाहरण सर्वांच्या वाचनात आले असेल. लहानपणी दृष्टी गेलेल्या या मुलीने केंद्रीय लोकसेवा आयोगाची २०१५ ची परीक्षा उत्तीर्ण केली, तिला रेल्वेच्या लेखा सेवेत जागा मिळाली, आणि पूर्णतः अंध असल्याचे कारण देऊन तिला त्या सेवेत घेण्यास नकार देण्यात आला. पुढच्याच वर्षीच्या परीक्षेत १२४ वा क्रमांक मिळवून त्या भारतीय प्रशासन सेवेत गेल्या आणि २०१९ साली तिरुवनंतपुरमला उपजिल्हाधिकारी म्हणून रुजू झाल्या. वर्तमानपत्रांनी त्यांच्या जिद्दीच्या कथा छापल्या, आणि त्या छापायलाच हव्या होत्या. परंतु त्या कथेतला दुसरा प्रश्न फारसा कोणी विचारला नाही. जी व्यक्ती उपविभागाचा कारभार पाहू शकते, तिला हिशेबाच्या कार्यालयात काम करता येणार नाही हे कोणी, कोणत्या कसोटीवर ठरवले होते? आणि जिला पुन्हा परीक्षेला बसून आणखी वर चढणे शक्य झाले नसते, तिचे काय झाले असते? अपंगांकडून आपण असामान्य जिद्दीची अपेक्षा करतो, याचे एक कारण असे की सामान्य जिद्दीच्या अपंग माणसासाठी आपण जागाच ठेवलेली नसते.

नोकरी करता करता अपंगत्व आले तर काय, याचे उत्तरही कायद्यात स्पष्ट आहे. सरकारी आस्थापनेला अशा कर्मचाऱ्याला काढता येत नाही किंवा त्याचा हुद्दा कमी करता येत नाही. तो त्याच कामाला योग्य नसेल, तर त्याच वेतनश्रेणीत दुसरे काम द्यायचे. तसे पद नसेल, तर ते मिळेपर्यंत किंवा निवृत्तीपर्यंत जादा पद निर्माण करायचे. १९९५ च्या कायद्यातही हीच तरतूद होती आणि सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली, सेवेत असताना पाय गमावलेल्या एका शिपायाच्या प्रकरणात, ती ठामपणे उचलून धरली. तरीही २०२५ च्या ऑगस्टमध्ये तेलंगणच्या राज्य परिवहन महामंडळातील एका चालकाला, रंगांधळेपणामुळे सेवामुक्त केल्यानंतर, पर्यायी काम मिळवण्यासाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. न्यायालयाने त्याला योग्य पदावर घ्यायला सांगितले. मधल्या बावीस वर्षांत तत्त्व बदलले नव्हते. प्रत्येकाला ते नव्याने, एकट्याने, वकील लावून सिद्ध करावे लागत होते. मंगळवेढा याच भूमीत आहे, जिथे बसवेश्वरांनी बिज्जलाच्या राज्यात कारभार पाहिला असे परंपरा सांगते आणि जिथून पुढे त्यांनी कायकाचा, म्हणजे श्रमालाच पूजेचे मोल देणारा, विचार नेला. ज्याच्या हातून काम काढून घेतले त्याच्याकडून आपण काय काढून घेतले, हे तरी आपल्याला वेगळे सांगावे लागू नये.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. दामाजींचा दुष्काळ आणि आपला दुष्काळ यांत फरक कशामुळे पडला? माणसे अधिक कनवाळू झाली म्हणून नव्हे. इंग्रजी अमलात १८८० च्या दुष्काळ आयोगानंतर दुष्काळ-संहिता लिहिल्या गेल्या, म्हणजे कोठार केव्हा उघडायचे हे अधिकाऱ्याच्या मर्जीवरून काढून कागदावर आणले गेले. त्या संहिता कृपण होत्या, पण लिहिलेल्या होत्या. पुढे १९७२ च्या दुष्काळात सोलापूर जिल्ह्याने जे भोगले ते जुन्या माणसांना अजून आठवते. त्याच काळात वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेली रोजगार हमी योजना महाराष्ट्रात रुजली, १९७७ साली तिचा अधिनियम झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. त्यातील कलम साधे होते. माणसाने काम मागितले की १५ दिवसांत ते द्यायचे, नाही दिले तर बेकारभत्ता द्यायचा. दगड फोडणाऱ्या बाईला तहसीलदार दयाळू आहे की नाही याची चौकशी करण्याचे कारण उरले नाही. योजनेत गैरप्रकार झाले, हजेरीपट खोटे भरले गेले, मजुरी उशिरा मिळाली. हे सारे मान्य. तरी 'मागणी, मुदत आणि मुदत टळल्यास दंड' ही तीन पावले महाराष्ट्राने भुकेच्या बाबतीत देशाला शिकवली. अपंगांच्या सोयींच्या बाबतीत ती आपण अजून टाकलेली नाहीत.

कारण २०१६ च्या अधिनियमात हक्क आहे, पण सोय मागणाऱ्या अर्जावर किती दिवसांत निर्णय द्यायचा ती मुदत नाही. तक्रार केली तर सरकारी आस्थापनेतील तक्रार निवारण अधिकाऱ्याने दोन आठवड्यांत चौकशी करावी असे कलम आहे. वीस किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनेने समान संधीचे धोरण लिहून प्रसिद्ध करावे व संपर्क अधिकारी नेमावा असा नियम आहे. उल्लंघन केल्यास पहिल्या वेळी १० हजार रुपयांपर्यंत आणि त्यानंतर ५० हजारांपासून ५ लाखांपर्यंत दंड आहे. आपण ज्या शाळेत, पेढीत, पतसंस्थेत किंवा कार्यालयात काम करता, तिथे हे धोरण कुठे लावले आहे आणि तो अधिकारी कोण आहे, हे वाचकांनी एकदा विचारून पाहावे. उत्तर देणाऱ्याच्या चेहऱ्यावरूनच पुष्कळ काही कळेल.

इमारतींची कथा याहून बोलकी आहे. अधिनियमाने जुन्या सार्वजनिक इमारती पाच वर्षांत सुगम करायला सांगितले; नियम जून २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले, म्हणजे मुदत २०२२ साली संपली. ८ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सुगमतेच्या निकषांसंबंधीचा नियम १५ रद्दबातल ठरवला, कारण अधिनियमाला बंधनकारक मानके अपेक्षित असताना नियमाने केवळ मार्गदर्शक तत्त्वांची यादी दिली होती. मला हा निकाल फार महत्त्वाचा वाटतो. मार्गदर्शक तत्त्व म्हणजे पुन्हा मर्जीच. ज्याला वाटले त्याने उतार बांधला, ज्याला वाटले नाही त्याने तीन पायऱ्यांवर झेंडूच्या कुंड्या ठेवल्या. अमेरिकेतही असेच घडले होते. १९७३ साली भेदभावाला बंदी करणारे कलम कायद्यात आले, पण नियमावली चार वर्षे निघेना. १९७७ च्या एप्रिलमध्ये सॅन फ्रान्सिस्कोतील सरकारी इमारतीत अपंग कार्यकर्त्यांनी जवळजवळ चार आठवडे ठाण मांडले, तेव्हा कुठे सही झाली. हक्काला नियमावलीचे हातपाय फुटावे लागतात, हा अनुभव दोन्हीकडचा आहे.

मंगळवेढ्याची दुसरी आठवण इथे सांगितली पाहिजे, ती चोखोबांची. १३३८ साली गावकुसाचे बांधकाम चालू असताना ते कोसळले आणि वेठीला लावलेल्या मजुरांबरोबर चोखोबाही त्याखाली गेले. नामदेवांनी त्यांच्या अस्थी पंढरपूरला नेल्या आणि महाद्वारासमोर समाधी बांधली. जातीने लादलेले बहिष्कृतपण आणि शरीराचे अपंगत्व या दोन गोष्टी एक नव्हेत, त्यांची सरमिसळ करू नये. तरी एका बाबतीत ही कथा आपल्याला शिकवते. नामदेवांच्या प्रेमात काही उणे होते का? त्याहून मोठे ममत्व कल्पिणे कठीण. तरीही त्या प्रेमाने चोखोबांना दारापर्यंत आणले; दार उघडले नाही. ते उघडायला १९४७ साल उजाडावे लागले, साने गुरुजींना मे महिन्यात दहा दिवस उपोषण करावे लागले आणि मुंबई सरकारला मंदिरप्रवेशाचा कायदा करावा लागला. प्रेम आणि कायदा यांत मी कायद्याला मोठे म्हणत नाही. प्रेमाची पोच कुठे संपते एवढेच दाखवतो आहे.

आक्षेप दोन आहेत, त्यांचा विचार केल्यावाचून लेख पुरा होणार नाही. पहिला आक्षेप लबाडीचा. खोटी प्रमाणपत्रे काढून लोक जागा लाटतात, हे खरे आहे. २०२४ साली पुण्यातील एका परिवीक्षाधीन सनदी अधिकाऱ्याच्या प्रमाणपत्रांवरून देशभर गदारोळ झाला. पण अशा प्रत्येक प्रकरणानंतर झाडाझडती होते ती खऱ्या अपंगांची. ज्याचा पाय नाही त्यालाही दर काही वर्षांनी पाय नसल्याचे सिद्ध करायला बोलावले जाते. खोटे हजेरीपट सापडले म्हणून आपण रोजगार हमी बंद केली नाही, हजेरीपट तपासले. इथेही तपासणी नेमकी हवी, संशय सरसकट नको. शिवाय टक्क्यांवर सारे सोपवण्याचा मोह टाळायला हवा. त्यातून काय होते ते २०२४ साली महाराष्ट्रातील एका विद्यार्थ्याच्या प्रकरणात दिसले. वैद्यकीय प्रवेशात राखीव जागेसाठी ४० टक्के अपंगत्व हवे, आणि त्याच नियमावलीनुसार वाचादोष ४० टक्के वा अधिक असेल तर तो अभ्यासक्रमासाठीच अपात्र! त्या मुलाचे प्रमाण ४० च्या थोडे वर होते. दारात ४० हवेत आणि आत ४० नकोत, असा हा प्रकार. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की निव्वळ आकड्यावरून अपात्र ठरवू नका, या विद्यार्थ्याला हा अभ्यासक्रम पुरा करता येईल का ते पाहा. त्याआधी २०२१ मध्ये, लिहिताना हाताला गोळे येणाऱ्या एका उमेदवाराच्या प्रकरणात न्यायालयाने लेखनिकाचा हक्क ४० टक्क्यांच्या अटीपासून मोकळा केला होता, आणि २०२२ च्या ऑगस्टमध्ये त्यासाठी केंद्राच्या सूचनाही निघाल्या. प्रश्न "किती टक्के?" हा नसून "तुला काय लागेल?" हा आहे. वाजवी सोय म्हणजे मुळात हा संवादच.

दुसरा आक्षेप खर्चाचा. इथे दामाजींच्या कथेतील पावती आठवावी. खर्च कोणी करायचा हे ठरलेले नसले की तो देवावर, नाहीतर अपंगाच्या बापावर पडतो. अवाजवी बोजा पडत असेल तर संस्थेने तो दाखवावा, लेखी दाखवावा, आकड्यांनिशी दाखवावा. बहुतेक वेळा तसा आकडा निघतच नाही, कारण बहुतेक सोयींना पैसे नव्हे, तर आगाऊ विचार लागतो. वर्ग वरच्या मजल्यावरून खाली आणायला काय पडते? शिक्षकाने फळ्याकडे तोंड करून न बोलता, ओठ वाचणाऱ्या विद्यार्थ्याकडे पाहून बोलायला काय पडते?

आणि आपण जे मराठीत लिहितो-वाचतो, त्यांच्या दारातलीच एक पायरी पाहावी. अंध वाचक संगणकावरील मजकूर वाचनप्रणालीकडून ऐकतो. दोन अंध ऑस्ट्रेलियन तरुणांनी २००६ साली 'एनव्हीडीए' ही प्रणाली लिहायला घेतली आणि ती जगाला फुकट दिली. ती मराठीही वाचते. पण मजकूर युनिकोडात असेल तरच. आपली कितीतरी पुस्तके, परिपत्रके, अभ्यासाच्या टिपणवह्या जुन्या खासगी टंकांत अडकलेल्या किंवा नुसती छायाचित्रे म्हणून चढवलेल्या असतात. डोळस माणसाला त्या मराठी दिसतात, ऐकणाऱ्याला निरर्थक अक्षरांचा खडखडाट किंवा शांतता. २०१२ च्या स्वामित्वहक्क दुरुस्तीने अशा वाचकांसाठी सुगम प्रत तयार करायला परवानगी दिली आहे, आणि २०१४ साली माराकेश करारास अनुमोदन देणारा भारत पहिला देश ठरला. म्हणजे कायद्याचे दार उघडे आहे. मराठी प्रकाशकाने छपाईबरोबर युनिकोड प्रत जपून ठेवणे आणि मागणाऱ्याला देणे, याला फारसा खर्च नाही. तरी अंध विद्यार्थ्याला अजून ओळखीचा प्रकाशक शोधावा लागतो. पुन्हा दामाजीच!

तेव्हा मागणी काय करावी? माझ्या मते, रोजगार हमीने घालून दिलेली चौकट इथे आणावी. विद्यार्थ्याने किंवा कर्मचाऱ्याने सोय मागितली की अर्जाची पोच मिळावी. १५ दिवसांत निर्णय व्हावा. नकार असेल तर कारणासह लेखी असावा, म्हणजे त्याविरुद्ध दाद मागता येईल. प्रत्येक शाळा-महाविद्यालयाच्या व कार्यालयाच्या अंदाजपत्रकात या कामासाठी स्वतंत्र शीर्ष असावे. लेखनिक शोधण्याची जबाबदारी परीक्षार्थीवर न टाकता तालुक्याच्या पातळीवर लेखनिकांची प्रशिक्षित यादी परीक्षा मंडळाने ठेवावी, आणि प्रमाणपत्राची तपासणी ग्रामीण रुग्णालयात ठरल्या दिवशी व्हावी. महाराष्ट्राने २०२२ च्या डिसेंबरात दिव्यांग कल्याणासाठी स्वतंत्र विभाग स्थापन केला आहे. विभाग आहे, अधिनियम आहे, निकाल आहेत. एवढी चौकट आखणे त्याच्या आवाक्याबाहेरचे नाही.

असे झाले तर चांगुलपणाला वाव उरणार नाही, अशी भीती काहींना वाटते. मला ती वाटत नाही. रोजगार हमी आली म्हणून दुष्काळात शेजाऱ्याला भाकरी देणारी माणसे संपली नाहीत. नियम जे देतो त्यापलीकडे देण्यासारखे माणसाजवळ नेहमीच पुष्कळ असते, आणि तेव्हा घेणाऱ्यालाही मान खाली न घालता ते घेता येते. दामाजीपंतांचे स्मरण मंगळवेढ्याने जरूर करावे. फक्त त्यांच्यानंतर आलेल्या कोणत्याही अधिकाऱ्याला कोठार उघडण्यासाठी संत व्हावे लागू नये, एवढी तजवीज आपण करायला हवी होती. दुष्काळाच्या बाबतीत ती आपण केली. हुलजंतीच्या त्या मुलीच्या बाबतीत ती अजून व्हायची आहे, आणि तिची परीक्षा मार्चमध्ये आहे.